ग्वाल्हेरच्या हवेत जुन्या वॅगन-आरला कोणती बॅटरी बसवावी?

प्रश्न : दौलतगंजकर

नमस्कार मंडळी,

माझ्याकडे २०१० सालची, पेट्रोलवर चालणारी मारुती वॅगन-आर आहे. पंधरा वर्षे पूर्ण झाल्यावर तपासणी होऊन तिच्या नोंदणीचे पाच वर्षांसाठी नूतनीकरण झाले आहे, त्यामुळे ती इतक्यात विकण्याचा विचार नाही. गाडी ग्वाल्हेरच्या लष्कर भागात आमच्या वाड्यासमोर उघड्यावरच उभी असते. वापर अगदी बेताचा आहे: बाजार, बँक आणि रविवारी मुरारला बहिणीकडे जाणे-येणे. दिवाळीनंतर आम्ही उभयता मुलीकडे पुण्याला जातो, तेव्हा ती काही आठवडे जागची हलत नाही.

थंडी पडू लागल्यापासून सकाळी किल्ली फिरवली की सेल्फ (इंजिन सुरू करणारी मोटार) जड फिरतो, आणि दुसऱ्या-तिसऱ्या प्रयत्नाला तर नुसता टकटक आवाज येतो. दुपारी ऊन चढल्यावर मात्र तीच गाडी सहज चालू होते. बॅटरी चार वर्षांची, ३५ अँपिअर-अवरची आहे. तिच्यावरील छाप बराचसा पुसला गेला आहे. ‘३८बी२०’ एवढे वाचता येते, पुढचे अक्षर दिसत नाही.

महाराज बाडा चौकाजवळच्या दुकानदाराने तीन पर्याय सांगितले. पहिला, झाकणे उघडून पाणी घालता येईल अशी ३५ची बॅटरी; दुसरा, पूर्ण बंद, जास्त वॉरंटीची ३५ची; आणि तिसरा, थोडे अधिक पैसे देऊन ४५ची, कारण ‘मोठी बॅटरी थंडीत दगा देत नाही’. आमचे गॅरेजवाले म्हणतात की जुन्या गाडीला नामांकित कंपनीची बॅटरी घेण्याचे कारण नाही, स्थानिक बनावटीची निम्म्या किमतीत मिळते. निवृत्तिवेतनात घर चालवणाऱ्या माणसाला हा खर्च विचारपूर्वकच करावा लागतो, म्हणून जाणकारांनी मार्गदर्शन करावे ही विनंती.

उत्तर १ : मुरारचे निवृत्त अभियंता

बॅटरी कोणती घ्यावी हे ठरवण्याआधी ती खरोखर गेली आहे का, हे पाहावे. चार वर्षे हे आपल्याकडच्या हवेत बॅटरीचे पुरेसे आयुष्य आहे, त्यामुळे ती संपली असण्याची शक्यता मोठी आहे. तरीही दोष दुसरीकडे असेल तर नवी बॅटरीही वर्षभरात तशीच वागू लागेल आणि पैसे वाया जातील.

आधी बोनेट उघडून टर्मिनलांकडे नीट पाहावे. शिशाच्या खुंटावर क्लॅम्प जिथे बसतो तिथे पांढरट-हिरवा भुकटीसारखा थर जमलेला असेल, तर क्लॅम्प काढून कोमट पाण्यात खाण्याचा सोडा कालवून जुन्या दातांच्या ब्रशने तो धुवावा, कोरडा करून क्लॅम्पची आतली बाजू पॉलिश पेपरने चकचकीत करावी, घट्ट बसवावा आणि वरून व्हॅसलीनचा हात फिरवावा. पुष्कळदा क्लॅम्प बाहेरून ठीक दिसतो, पण हाताने पिळून पाहिला तर खुंटावर फिरतो. एवढ्या सैलपणानेही सेल्फला लागणारा दीडशे अँपिअरच्या आसपासचा प्रवाह अडतो. बॅटरीच्या ऋण टोकापासून गाडीच्या सांगाड्याला जाणारी अर्थची तारही अशीच तपासावी.

यानंतर साधा डिजिटल मल्टिमीटर घेऊन तीन मापे घ्यावीत. गाडी रात्रभर उभी राहिल्यावर सकाळी दरवाजे न उघडता, किंवा उघडल्यास थोडे थांबून, बॅटरीवर १२.६ व्होल्टच्या आसपास दाब मिळाला पाहिजे. १२.४ म्हणजे सुमारे पाऊण भरलेली, १२.२ म्हणजे अर्धी, आणि १२.० म्हणजे जवळजवळ रिकामी. दुसरे माप कोणाला तरी किल्ली फिरवायला सांगून घ्यावे; सेल्फ फिरत असताना दाब ९.६ व्होल्टच्या खाली जाऊ नये. तिसरे माप इंजिन चालू असताना, ते १३.८ ते १४.५च्या दरम्यान असेल तर अल्टरनेटर (इंजिनावर चालून बॅटरी चार्ज करणारे जनित्र) आपले काम करत आहे. दुसऱ्या मापाचा निष्कर्ष काढताना एक काळजी घ्यावी: बॅटरी नुसती उतरलेली असली तरी दाब खाली जातो, म्हणून ती आधी चार्जरवर पूर्ण भरून, काही तास तशीच ठेवून, मग पुन्हा मोजावे. भरल्यानंतरही दाब कोसळत असेल तर ती गेली असे खुशाल समजावे.

आपला वापर कमी आहे, म्हणून चौथे माप सर्वांत महत्त्वाचे वाटते. गाडी बंद असताना घड्याळ, इंजिनचा संगणक, अलार्म यांना थोडा प्रवाह लागतोच. तो ५० मिलिअँपिअरपर्यंत असला तर चालतो. मल्टिमीटर १० अँपिअरच्या पट्टीवर ठेवून ऋण तार सोडवून ती आणि टर्मिनल यांच्यामध्ये जोडावा, सर्व दरवाजे बंद करून पंधरा-वीस मिनिटे थांबावे आणि आकडा पाहावा. मीटर असा जोडलेला असताना किल्ली मुळीच फिरवू नये, मीटरचा फ्यूज उडेल.

उत्तर २ : गोरखीवाला

छापाबद्दल थोडे लिहितो, कारण दुकानात गडबड नेमकी तिथे होते. ‘३८बी२०’ ही जपानी मानकाची खूण आहे. ३८ हा क्षमतेचा दर्जा (अँपिअर-अवर नव्हे), ‘बी’ हा रुंदी-उंचीचा वर्ग आणि २० म्हणजे सेंटिमीटरमधली अंदाजे लांबी. शेवटचे ‘एल’ किंवा ‘आर’ हे अक्षर धन आणि ऋण टोके कोणत्या बाजूला आहेत ते सांगते. तेच पुसले गेले असेल तर अंदाज करू नये. गाडीत बसलेल्या बॅटरीचे, गाडीच्या समोर उभे राहून, धन टोक कोणत्या हाताला येते ते दिसेल असे छायाचित्र मोबाईलवर काढून दुकानदाराला दाखवावे. उलट अक्षराची बॅटरी आली तर तारा पुरत नाहीत. मग कोणी तार ओढून-ताणून बसवतो, कोणी बॅटरीच फिरवून बसवतो, आणि अशा गोंधळात तारा उलट जोडल्या गेल्या तर अल्टरनेटरचे डायोड आणि इंजिनचा संगणक दोन्ही क्षणात जळू शकतात. खुंटाची जाडीही पाहावी. या मापात बारीक आणि जाड असे दोन प्रकार असतात, आणि बारीक खुंटावर जाड क्लॅम्प पत्रा घालून आवळणे हा उपाय नव्हे.

४५ची बॅटरी मी तरी सुचवणार नाही. मोठ्या बॅटरीमुळे अल्टरनेटर जळतो असे जे सांगितले जाते त्यात तथ्य नाही. परंतु या वर्गातली ४५ची बॅटरी बहुधा ‘बी२४’ मापाची, म्हणजे सुमारे चार सेंटिमीटर अधिक लांब असते. ती तुमच्या गाडीच्या तबकात नीट बसत नाही, वरची पट्टी आवळता येत नाही, आणि आपल्या रस्त्यांवर हलत राहिलेल्या बॅटरीतल्या प्लेटा लवकर झडतात. ३५ची बॅटरी सुस्थितीत असेल तर एवढ्या लहान पेट्रोल इंजिनाला ग्वाल्हेरच्या पहाटेही ती पुरेशी आहे.

त्यापेक्षा निर्मितीची तारीख पाहण्यावर वेळ घालवावा. बॅटरी दुकानात पडून राहिली तरी आतून उतरत राहते आणि दीर्घकाळ उतरलेल्या अवस्थेत राहिली की प्लेटांवर शिसे-सल्फेटचे कठीण स्फटिक जमतात, जे नंतर चार्ज करूनही पूर्ण निघत नाहीत. तारीख खोक्यावर नव्हे, बॅटरीच्या अंगावरच कोरलेली किंवा छापलेली असते. ती सांकेतिक असल्यास दुकानदाराकडून उलगडून घ्यावी. तीन महिन्यांपेक्षा जुनी असेल तर दुसरी मागावी. बसवण्यापूर्वी त्याच्याच मीटरवर दाब दाखवायला सांगण्यात संकोच बाळगू नये, १२.५च्या खाली असेल तर घेऊ नये.

वॉरंटीचे आकडेही फोड करून वाचावेत. ‘४८ महिने’ असे लिहिलेले असते तेव्हा त्यातला पहिला भागच विनामूल्य बदलून देण्याचा असतो. उरलेल्या काळात नव्या बॅटरीच्या किमतीवर काही टक्के सूट मिळते. तुलना त्या पहिल्या भागाची करावी.

उत्तर ३ : थाटीपूर

दौलतगंजकर काका, पाणी घालायची की पूर्ण बंद, हा प्रश्न अजून कोणी घेतला नाही, म्हणून लिहिते. आपल्याकडे मे-जूनमध्ये पारा ४५च्या पुढे जातो, आणि बोनेटखाली त्याहून कितीतरी अधिक. तापमान १० अंशांनी वाढले की रासायनिक क्रियांचा वेग साधारण दुप्पट होतो. त्यामुळे पाणी उडते, प्लेटांच्या जाळ्या गंजतात. बॅटरीचे नुकसान उन्हाळ्यातच होऊन गेलेले असते, पौष-माघात थंड इंजिन जड फिरू लागले की ते आपल्याला कळते इतकेच. म्हणून माझ्या मते झाकणे असलेली बॅटरी इथे अधिक उपयोगी आहे. उन्हाळ्यात महिन्यातून एकदा पातळी पाहून डिस्टिल्ड वॉटर घालता येते. (आम्ल कधीही घालू नये, आणि नळाचे पाणीही नाही, त्यातले क्षार प्लेटांना मारक असतात.) शिवाय हायड्रोमीटरने (आतल्या आम्लाची घनता मोजणाऱ्या साधनाने) सहाही कप्पे वेगवेगळे तपासता येतात. बंद बॅटरीवरचा हिरवा ‘डोळा’ सहांपैकी एकाच कप्प्याची स्थिती दाखवतो, हे दुकानात सहसा सांगत नाहीत.

एजीएम (काचतंतूंच्या थरात आम्ल शोषलेली) नावाची महाग बॅटरी कोणी सुचवली तर नम्रपणे नकार द्यावा. ती सिग्नलला इंजिन आपोआप बंद-चालू होणाऱ्या नव्या गाड्यांसाठी आहे.

उत्तर ४ : गोरखीवाला

थाटीपूरकर ताईंच्या तर्काशी मी सहमत आहे, निष्कर्षाशी मात्र पूर्णपणे नाही. झाकणाच्या बॅटरीचा लाभ ती नियमाने उघडून पाहणाऱ्यालाच मिळतो. आताच्या कॅल्शियम मिश्रधातूच्या बंद बॅटऱ्यांत पाणी फारच कमी उडते, आणि ज्या घरी पातळी पाहण्याची सवय नाही तिथे त्याच अधिक टिकतात. काकांनी स्वतःच्या सवयीनुसार ठरवावे.

उत्तर ५ : मुरारचे निवृत्त अभियंता

स्थानिक बनावटीच्या बॅटरीबद्दल स्पष्ट लिहिणे आवश्यक आहे. त्यात बहुधा जुन्या बॅटऱ्यांच्या वापरलेल्या प्लेटा नव्या डब्यात घातलेल्या असतात. पहिल्या दिवशी दाब १२.६ दिसतो, सेल्फही फिरतो. पण क्षमता किती उरली आहे हे कोणालाच ठाऊक नसते, आणि वॉरंटी म्हणजे तोंडी शब्द. निम्म्या किमतीची बॅटरी दीड वर्षात गेली तर स्वस्त काय पडले?

याहून गंभीर बाब शिशाची आहे. असा माल पुरवणाऱ्या उघड्या भट्ट्यांत शिसे वितळवले जाते, आम्ल नाल्यात ओतले जाते, आणि त्या वस्तीतल्या लहान मुलांच्या मेंदूवर शिशाचा परिणाम कायमचा होतो. २०२२च्या बॅटरी कचरा व्यवस्थापन नियमांनी जुन्या बॅटऱ्या परत गोळा करण्याची जबाबदारी उत्पादकांवर टाकली आहे. तेव्हा जुनी बॅटरी भंगारवाल्याला न देता अधिकृत विक्रेत्याकडेच द्यावी. तो शिशाच्या भावानुसार किंमत वजा करून देतो, त्यामुळे आपलेही नुकसान होत नाही. बिल पक्केच घ्यावे. सप्टेंबर २०२५पासून या बॅटऱ्यांवरचा जीएसटी २८वरून १८ टक्क्यांवर आला आहे, तोच दर बिलात आहे ना हे पाहावे, आणि गाडीचा क्रमांक व विक्रीची तारीख वॉरंटीच्या नोंदीत घालून घ्यावी.

प्रश्नकर्त्याचे उत्तर : दौलतगंजकर

आपणा सर्वांचा मनःपूर्वक आभारी आहे. भाच्याने मीटर आणला आणि सांगितल्याप्रमाणे मोजमाप केले. सकाळचा दाब १२.१ होता. चार्जरवर पूर्ण भरून पुन्हा पाहिले, तरी सेल्फ फिरताना तो ८.८पर्यंत खाली आला. इंजिन चालू असताना १४.२ मिळाला. म्हणजे अल्टरनेटर चांगला आहे आणि बॅटरी बदलावीच लागेल.

चौथ्या मापाने मात्र आम्हाला चकित केले. गाडी बंद असताना ९० मिलिअँपिअर प्रवाह वाहत होता. एकेक फ्यूज काढून पाहिला, तेव्हा नंतर बसवून घेतलेल्या म्युझिक सिस्टीमचा फ्यूज काढताच आकडा २० वर आला. तिची तार किल्लीच्या खटक्यातून न घेता थेट बॅटरीवरून घेतलेली निघाली. ती इलेक्ट्रिशियनकडून बदलून घेत आहे.

बॅटरी ३५चीच, झाकणांची घेण्याचे ठरवले आहे. इन्व्हर्टरमध्ये पाणी घालण्याचा दिवस घरात ठरलेला आहे, त्याच दिवशी गाडीचेही होईल. धन टोकाचे छायाचित्र काढून ठेवले आहे. एकच शंका उरते: पुण्याला जाताना काय करावे?

उत्तर ६ : मुरारचे निवृत्त अभियंता

९० मिलिअँपिअर म्हणजे दिवसाला दोन अँपिअर-अवरहून थोडे अधिक, आणि पंधरवड्यात सुमारे ३०. आपण पुण्याहून परत येईपर्यंत ३५ची बॅटरी दरवेळी जवळजवळ रिकामी होत असणार. शिवाय धुक्याच्या दिवसांत दोन हेडलाइटच दहा अँपिअरच्या आसपास खातात, तेव्हा बाजारापर्यंतच्या फेरीत ही तूट भरून निघणे शक्य नव्हते.

तार बदलल्यावरही २० मिलिअँपिअर चालूच राहतील, म्हणून जाण्याच्या आदल्या दिवशी गाडी मुरैना रस्त्याला तासभर चालवून आणावी, किंवा चार-पाच अँपिअरच्या स्वयंचलित चार्जरवर रात्रभर ठेवावी, आणि मग १० नंबरच्या पान्याने ऋण टोक काढून, क्लॅम्पला कापड गुंडाळून, बाजूला सारून ठेवावे. काढताना नेहमी ऋण आधी आणि जोडताना नेहमी ऋण शेवटी. कारण धन टोकावर पाना असताना तो पत्र्याला टेकला, तरी ऋण सुटलेले असल्यास ठिणगी पडत नाही. परत आल्यावर घड्याळ लावावे लागेल आणि पहिली काही मिनिटे इंजिन थोडे वर-खाली फिरेल. संगणक आपली नोंद पुन्हा तयार करत असतो, त्याची चिंता करू नये. बॅटरी काढून माळ्यावर ठेवण्याची आवश्यकता नाही.