मदत हवी आहे: ऑगस्टमध्ये गुहागरहून मंडणगडला बदली, थेट मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जावं का?

साकव: राज्य शासनाचं तालुका कार्यालय, लिपिक, गट क. गुहागरात चार वर्षं दोन महिने झालेत. काल संध्याकाळी बदलीचा आदेश आला, कारण फक्त ‘प्रशासकीय निकड’. अजून कार्यमुक्त केलेलं नाही. वरिष्ठ म्हणतात, तीन वर्षं झाली की बदली कधीही करता येते. मॅटमध्ये जाण्याआधी निवेदन देऊन उत्तराची वाट पाहावी लागते का? तोवर आजारपणाची रजा टाकावी का?

खाडीकाठ: रजा मुळीच टाकू नका. रजेवर असतानाही एकतर्फी कार्यमुक्त करतात, आणि पुढे ती रजाच तुमच्या विरोधात दाखवली जाते. स्थगिती नसेल तर रुजू व्हावंच लागतं, नुसतं निवेदन दिल्याने बदली थांबत नाही. सर्वोच्च न्यायालयाने गुजरात विद्युत मंडळ विरुद्ध पोषाणी प्रकरणात १९८९ मध्येच हे सांगितलं आहे.

तीन वर्षांचं म्हणणं तुमच्या बाबतीत अर्धवट आहे. राज्य शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदली अधिनियम २००५ च्या कलम ३ च्या परंतुकानुसार (अपवादाच्या तरतुदीनुसार) मंत्रालयाबाहेरच्या गट क कर्मचाऱ्याची बदली दोन पूर्ण पदावधी झाल्यावर, म्हणजे सहा वर्षांनी. तेव्हा तुमची बदली मुदतपूर्व आहे, आणि एप्रिल-मे सोडून केली म्हणून मध्यावधीही. पहिलीसाठी कलम ४(५), दुसरीसाठी ४(४). दोन्हीकडे लेखी कारण आणि वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते.

खरं प्रकरण आदेशात नसतं, नस्तीत (फायलीत) असतं. टिप्पणीवर कुणाची सही, कोणत्या तारखेची, नागरी सेवा मंडळासमोर (बदल्यांची शिफारस करणाऱ्या समितीसमोर) प्रस्ताव गेला होता का, ते पाहायचं. आदेश १२ तारखेचा आणि मान्यतेची सही १४ ची असेल, तर ती कार्योत्तर मान्यता झाली. तिथे आदेश टिकणं अवघड. ‘निकड’ एवढाच शब्द असेल तर तेही कारण नव्हे. माहिती अधिकारात ३० दिवस जातील, म्हणून मूळ नस्ती हजर करण्याची मागणी अर्जातच करा.

साकव: आणि निवेदन?

खाडीकाठ: आजच द्या, आवक क्रमांक घ्या, पण उत्तरासाठी थांबू नका. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम १९८५ च्या कलम २० मध्ये आधी खात्यातले उपाय करायला सांगितलंय, पण ‘सर्वसाधारणपणे’ असा शब्द आहे. तातडी का आहे ते अर्जात स्पष्ट लिहा. कलम २१ ची अर्ज करायची एक वर्षाची मुदत इथे कामाची नाही. तुम्ही कार्यमुक्त झालात आणि तुमच्या जागी दुसरा रुजू झाला की अंतरिम स्थगिती मिळणं फार कठीण होतं.

रातांबा: दोन गोष्टी हमखास राहतात. तुमच्या जागी ज्याला दिलंय त्याला प्रतिवादी करा. आकस म्हणत असाल तर त्या अधिकाऱ्यालाही नावानिशी प्रतिवादी करा, नाहीतर तो मुद्दा ऐकूनच घेत नाहीत. अर्जाची प्रत सादरकर्ता अधिकाऱ्याला (मॅटमध्ये शासनाची बाजू मांडणाऱ्याला) आधी पोचवा; त्याच १९८५ च्या अधिनियमाच्या कलम २४ मुळे समोरच्याला न ऐकता स्थगिती अपवादानेच मिळते, तीही १४ दिवसांपुरती.

मुलांची शाळा, आईचं आजारपण हे निवेदनात लिहा. मॅटमध्ये त्यावर भर नको. शिल्पी बोस (१९९१) निकालापासून न्यायालयं दोनच गोष्टी पाहतात: कायद्यातल्या बंधनकारक तरतुदीचा भंग आणि आकस. नस्तीत ठोस कारण आणि वेळेत मान्यता निघाली, तर वकिलाने कितीही भरवसा दिला तरी अर्ज टिकणार नाही, हे मनात धरून चला.

साकव: हाच आदेश जिल्हा परिषदेतल्या कर्मचाऱ्याला आला असता तर?

रातांबा: मॅट नाही, आणि हा बदली अधिनियमही नाही. त्यांच्या बदल्या ग्रामविकास विभागाच्या शासन निर्णयांवर चालतात, दाद उच्च न्यायालयात. रत्नागिरी-सिंधुदुर्गासाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच. रायगडकर मुंबईलाच. तुम्हाला मात्र मॅटच्या मुंबई खंडपीठात जायचंय, आणि गणपतीत कोकण रेल्वेचं परतीचं तिकीट मिळत नाही. वकालतनामा उद्याच सही करून पाठवा.