मदत हवी आहे : वॉर्ड बाँडचं काम कुठून बघायला सुरुवात करू?

मंडळी, जुन्या हॉलिवूडचे जाणकार कुणी आहेत का इथे? सध्या वॉर्ड बाँड या अमेरिकन नटाने डोकं खाल्लंय. १९४१ च्या 'माल्टीज फाल्कन'मध्ये शेवटी तो पुतळा उचलून जड आहे, काय आहे हे, असं विचारणारा पोलीस तोच, 'इट्स अ वंडरफुल लाइफ'मधला बर्ट हवालदारही तोच, आणि 'सर्चर्स'मध्ये तर एकाच वेळी पाद्री आणि रेंजर्सचा कॅप्टन, म्हणजे जिथे बघावं तिथे हा बाबा हजर पण पोस्टरवर मोठं नाव कायम दुसऱ्याचं. कॉलेजात जॉन वेनबरोबर फुटबॉल खेळायचा, दोघंही दिग्दर्शक जॉन फोर्डच्या गोटातले, एक स्टार झाला आणि हा शेजारी उभा राहिला (माझ्या मते अभिनयात हाच उजवा, भांडायचं असेल तर भांडा).

खरं नाव झालं ते १९५७ ला, टीव्हीवरच्या 'वॅगन ट्रेन'मुळे, आणि १९६० मध्ये मालिका जोरात चालू असतानाच हार्ट अटॅकने गेला. मग जॉन मॅकइंटायर नवा तांडाप्रमुख म्हणून आला, तर आधीच्या मेजर ॲडम्सचं (म्हणजे बाँडच्या पात्राचं) काय झालं हे मालिकेत कुठे सांगितलंय का? आणि मालिकेचे सुरुवातीचे भाग सबटायटल्ससकट कुठे मिळतील? बाँडला जरा मोठा रोल असलेले सिनेमेही सुचवा प्लीज, 'वॅगन मास्टर' बघून झालाय.