ब्राझिलियन जिउ-जित्सूमध्ये पांढऱ्या पट्ट्याला, म्हणजे नवख्याला, हील हूक (टाच धरून पाय पिळायचा डाव) शिकवावा का?

मॅटवरचा: वर्गात चार-सहा महिनेच शिकलेली मुलं एकमेकांच्या टाचांना झोंबताना दिसली की माझा जीव वरखाली होतो. पहिलं वर्ष रिअर नेकेड चोक (पाठीवरून मान आवळणं), आर्मबार (कोपर ताणणं), ट्रँगल (पायांनी मान आवळणं) आणि किमुरा (हात मागे पिळणं), बास. आर्मबारमध्ये कोपर आधी ओरडतं, टॅप करायला, म्हणजे थोपटून हार मानायला, वेळ मिळतो. हील हूकमध्ये वळते टाच, पण जातो गुडघा, आणि दुखायला लागेपर्यंत लिगामेंट फाटलेलं असू शकतं. आयबीजेजेएफ या जिउ-जित्सू महासंघाने 2021 मध्ये हील हूकला मुभा दिली, तीही नो-गीमध्ये (जाड जॅकेट न घालता) आणि प्रौढ ब्राउन-ब्लॅक बेल्टनाच.

पायपकड: म्हणूनच लवकर शिकवा! टाच अडकलीय हेच ज्याला कळत नाही, तो घाबरून उलट्या बाजूला गिरकी घेतो आणि आपलाच गुडघा पिळून घेतो. शिवाय तुमच्या यादीतला किमुरा कुठे गरीब आहे? 1951 मध्ये रिओच्या माराकाना स्टेडियममध्ये जपानी जुदोपटू मासाहिको किमुराने याच पकडीत ब्राझिलियन जिउ-जित्सूच्या एलिओ ग्रेसीचा हात मोडला. एलिओने टॅप केलंच नाही, शेवटी त्याच्या साथीदारांनी हार मानून टॉवेल टाकला. टॅप कधी करायचा हे आधी शिकवा, मग पकड कुठलीही असो.

तांबडी माती: मी तालमीतून आलोय, मी मॅटवरच्याच्या बाजूने. चीत व्हायचं नाही म्हणून पालथं पडायची सवय माझ्या हाडात भिनलेली. इथे पहिल्याच आठवड्यात एक सडपातळ पोरगा पाठीवर चढला. त्याचं कोपर बरोबर माझ्या हनुवटीखाली, दुसऱ्या हाताचा पंजा डोक्यामागे. श्वास चालू होता, तरी डोळ्यांपुढे अंधारी आली, कारण दाबल्या जातात त्या मानेच्या दोन्ही बाजूंच्या धमन्या. एलिओच्या मुलाने, रॉइस ग्रेसीने, 1993 मध्ये डेन्व्हरला पहिल्या यूएफसीची (मिश्र मार्शल आर्ट्स स्पर्धेची) फायनल याच रिअर नेकेड चोकने संपवली. पाठ कशी राखायची हे मला अजून नीट जमत नाही, त्यात पाय कुठे घेऊन बसू?

मॅटवरचा: किमुराचा मुद्दा मान्य. पण माझ्या जोडीदाराचा गुडघा एका जोशिल्या नवख्याने झटक्यात वळवला. टॅप केला होता हो जोडीदाराने! आठ महिने मॅटवर पाय ठेवता आला नाही.

पायपकड: वाईट झालं. आमच्याकडे नवखे फक्त पकडेपर्यंत जातात, टाच वळवायची नाही. अडकलेल्याने ‘पकडलंस’ म्हणायचं, की दोघं सुटे.

मॅटवरचा: असं असेल तर सहा महिन्यांनंतर चालेल. पण जोडीला जुना, अनुभवी पट्टेवाला हवा, दोन नवखे एकत्र नकोत.