पॅफिओपेडिलम ड्रुरी: रोप खणून आणण्याविषयी

'अगस्त्यमलाईच्या डोंगरात वणव्यात जळून जाण्यापेक्षा एखादं रोप आपल्या कुंडीत जगलेलं काय वाईट,' या चर्चेत पॅफिओपेडिलम ड्रुरी या ऑर्किडबद्दल मांडलेल्या या मुद्द्यामागची कळकळ समजते, पण तो मला अजिबात पटत नाही. पॅफिओपेडिलम या ऑर्किडच्या वंशातलं दक्षिण भारतात निसर्गतः उगवणारं हे एकमेव. सोनेरी-पिवळ्या पाकळ्यांवर गडद तपकिरी पट्टा आणि खाली चपलेच्या टोकासारखी पिशवी. याच रूपामुळे संग्राहकांनी ते इतकं ओरबाडलं की ते नामशेष झालं असं मानलं जात होतं. 1972 मध्ये ते पुन्हा सापडलं.

इथे कुणी बियांबद्दल लिहिलेलं दिसलं नाही, म्हणून सांगतो. ऑर्किडचं बी धुळीच्या कणाएवढं असतं. त्यात अन्नाचा साठा जवळजवळ नसतोच, त्यामुळे जंगलात ते रुजायला मातीतली ठरावीक बुरशीच लागते. म्हणजे कुंडीत नेलेलं रोप जगलं तरी जंगलाच्या दृष्टीने ते गेलंच! तिथे बी धरणारं एक झाड कमी झालं. जे थोडे पुंजके उरलेत त्यांच्यात हे नुकसान भरून निघत नाही. ज्यांना हे फूल खरंच जवळ हवंय त्यांच्यासाठी प्रयोगशाळेत बियांपासून वाढवलेल्या रोपांचा कायदेशीर मार्ग आहे. साखर घातलेल्या माध्यमावर, बुरशीशिवाय ऑर्किडचं बी रुजवता येतं हे अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञ नुडसन यांनी 1922 मध्येच दाखवलं होतं. पण रोप घेताना त्याची कागदपत्रं मागाच. हा अख्खा वंश साइट्सच्या (धोक्यातल्या प्रजातींच्या व्यापारावरचा आंतरराष्ट्रीय करार) पहिल्या परिशिष्टात आहे आणि जंगलातून आणलेल्या रोपाच्या व्यापाराला त्यात परवानगी नाही.