एकाच पावसाळ्यात तीन सिनेमे

कुणीतरी लिहिलंय की इंडी, म्हणजे मोठ्या स्टुडिओशिवाय बनणारा सिनेमा करणाऱ्या कॅमेरामनवर एकदा 'आर्ट फिल्मवाला' असा शिक्का बसला की मोठं काम मिळत नाही. मला हे अजिबात पटत नाही, आपल्या पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटमधूनच बाहेर पडलेल्या अविनाश अरुणचं बघा ना. २०१५ च्या जून-जुलैत, म्हणजे जेमतेम सव्वा महिन्यात, त्याने शूट केलेले 'किल्ला', 'मसान' आणि 'दृश्यम' असे तीन सिनेमे लागले आणि तिघांचा पोत इतका वेगळा की एकाच माणसाचं काम आहे हे नाव वाचल्याशिवाय कळू नये.

'किल्ला'चं तर दिग्दर्शनही त्याचंच, बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात २०१४ मध्ये त्याला क्रिस्टल बेअर हा पुरस्कार मिळाला होता. मी कोथरूडला थिएटरात पाहिला. त्यातला पुण्याहून कोकणात गेलेला पोरगा किल्ल्यात एकटा अडकतो, धो धो पाऊस, सगळं करडं-हिरवं, आणि त्या दगडांपुढे पोरगा एवढास्सा दिसतो, पोटात कालवलं अक्षरशः. बाहेर आलो तर इकडेही पाऊस चालूच, गाडी काढावीशीच वाटेना.

'मसान'मध्ये याच्या बरोब्बर उलट, बनारसच्या घाटावर रात्री चितांचा तांबडा उजेड. आणि 'दृश्यम' पक्का बॉलिवूड थ्रिलर, तिथे कॅमेरा मुकाट्याने गोष्टीच्या मागे चालतो, आणि माझ्या मते ते जास्त अवघड आहे कारण स्वतःचं कौशल्य मिरवायचा मोह आवरावा लागतो. नंतर 'पाताल लोक' या वेब सिरीजचं दिग्दर्शनही केलंच की त्याने.