मार्सेल दालिओ : नायकपद न मिळालेल्या अभिनेत्याची कारकीर्द

प्रश्न

फ्रेंच दिग्दर्शक झाँ रन्वारच्या ‘ला ग्रांद इल्युझियाँ’ (१९३७) मधला रोझेंथाल आणि ‘ला रेग्ल द्यु झ्यू’ (१९३९) मधला मार्क्विस, म्हणजे उमराव, या दोन्ही भूमिका फ्रेंच अभिनेता मार्सेल दालिओच्या. तोच अभिनेता ‘कासाब्लांका’ या हॉलिवूडच्या चित्रपटात (१९४२) जुगाराच्या टेबलापाशी उभा दिसतो आणि श्रेयनामावलीत त्याचे नावही येत नाही. ही घसरण कशामुळे झाली?

प्रतिसाद १

कारण सरळ आहे आणि भीषणही. दालिओ ज्यू होता. १९४० साली जर्मन सैन्य पॅरिसच्या उंबरठ्यावर येताच तो पत्नी मादलेन लबोसह निसटला आणि लिस्बनमार्गे अखेर अमेरिकेत पोहोचला. इकडे नाझींनी ‘ज्यू कसा ओळखावा’ हे लोकांना दाखवण्यासाठी त्याच्याच चेहऱ्याची भित्तिपत्रके लावली. त्याचे आईवडील छळछावण्यांत मारले गेले. परक्या भाषेत, परक्या देशात त्याच्या वाट्याला वेटर, क्रूपिए (जुगाराचे टेबल चालवणारा) आणि किरकोळ फ्रेंच माणसे आली.

प्रतिसाद २

घसरण हा शब्द मला मान्य नाही. ‘कासाब्लांका’तला जुगारगृहाचा मालक रिक एका तरुण निर्वासिताला रुलेटच्या चाकावर बावीस आकड्यावर पैसे लावायला सांगतो, तो प्रसंग पुन्हा पाहावा. दालिओ मालकाकडे फक्त एकदा नजर टाकतो, त्याला काय हवे ते ओळखतो आणि चाक फिरवतो. बावीस एकदा येतो, मग पुन्हा येतो. नंतर रिकने गल्ल्याची चौकशी केल्यावर, अपेक्षेपेक्षा दोनेक हजार कमी आहेत, असे तो अगदी निर्विकारपणे सांगतो. मालकाच्या मनातला चांगुलपणा आपल्याला दिसतो तो या माणसाच्या संयमामुळे. याच चित्रपटात डोळ्यांत पाणी आणून फ्रान्सचे राष्ट्रगीत गाणारी तरुणी म्हणजे मादलेन लबो.

प्रतिसाद ३

दोघांचेही पटते, पण रन्वारने त्याच्यात काय पाहिले होते हेही नोंदवायला हवे. मार्क्विस आपला नवा यांत्रिक ऑर्गन पाहुण्यांसमोर उघडतो तेव्हा अभिमान आणि संकोच दालिओच्या चेहऱ्यावर एकाच वेळी उमटतात. मला तरी तो त्याच्या साऱ्या कारकिर्दीतला सर्वोच्च क्षण वाटतो. त्याच चित्रपटात नोकरमंडळी मार्क्विसच्या आजोळच्या रोझेंथाल नावाच्या पूर्वजाविषयी कुजबुजतात, म्हणजे आधीच्या भूमिकेचे नाव रन्वारने इथे मुद्दाम आणले आहे. युद्धानंतर दालिओ फ्रान्सला परतला, दोन्हीकडे कामे करत राहिला, आणि १९७३ मध्ये फ्रेंच विनोदी अभिनेता लुई द फ्युनेसच्या चित्रपटात त्याने शीर्षकातला रब्बी (ज्यू धर्मगुरू) जेकब साकारला. ज्याचा चेहरा द्वेषासाठी भिंतींवर लावला गेला होता, त्यालाच रब्बीच्या वेशात पाहून फ्रेंच प्रेक्षक खळखळून हसले.