पडवीतला पाऊस रेकॉर्ड करायचाय, आईसाठी

आई आठ महिने अंथरुणावर आहे. रात्री झोप लागत नाही म्हणून टीव्हीवर पावसाचे फोर-के व्हिडिओ लावतो, तीन-तीन तासांचे, मागे मंद पियानो. चित्र इतकं स्वच्छ की पानावरून थेंब ओघळताना दिसतो. पण परवा पहाटे ती म्हणाली, "अरे, मघापासून तोच बेडूक ओरडतोय." घड्याळ लावून बघितलं. दर आठ मिनिटांनी तोच बेडूक, तोच गडगडाट.

राजापूरजवळ आमचं घर अजून कौलारू आहे. आषाढ संपायच्या आत जाऊन तिथला पाऊस तासभर सलग रेकॉर्ड करायचाय. माझ्याकडे फक्त फोन आणि ट्रायपॉड आहे. काय सांभाळू?

उत्तर १
यूट्यूबवर १२ तासांपर्यंतचा व्हिडिओ चढवता येतो, म्हणून बरेच जण दहा मिनिटांचं शूटिंग लूप करून तास भरतात. तुम्ही सलग करताय तेच बरोबर.

चित्र फोर-के केलं म्हणून आवाज सुधारत नाही. छोटा साउंड रेकॉर्डर भाड्याने घ्या, आवाजाच्या दर्जाचं सेटिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर ठेवा. माइकला केसाळ टोपी हवीच, नाहीतर नुसता वारा फडफडतो. पागोळ्यांपासून चार हात आत ठेवा. फोनचं फोकस आणि एक्स्पोजर लॉक करा, एअरप्लेन मोड लावा, २० जीबी तरी जागा मोकळी ठेवा. पावसात फ्रेमगणिक सगळे थेंब बदलतात, त्यामुळे बिटरेट (दर सेकंदाला साठवली जाणारी माहिती) कमी पडला की सरींचा नुसता चिखल दिसतो.

उत्तर २
पियानो घालू नका, कळकळीने सांगते. ब्रायन ईनो या इंग्रज संगीतकाराने स्वतःच लिहून ठेवलंय: १९७५ साली अपघातानंतर तो अंथरुणावर होता. हार्पची रेकॉर्ड लागलेली, आवाज अगदी बारीक, उठून वाढवायची ताकद नाही. बाहेरच्या पावसात ते सूर मिसळत गेले आणि ऐकण्याची एक नवी रीत त्याला सापडली. पुढे १९७८ला अशा भोवतालात मिसळून जाणाऱ्या संगीतासाठी त्यानेच 'अँबियंट' हे नाव रूढ केलं. तिथेही पाऊस खराच होता हो. वडील आजारी असताना मी फक्त तानपुरा लावायचे, तोही शेजारच्या खोलीत.

मूळ प्रश्नकर्ता
दोघांचे मनापासून आभार. रेकॉर्डर ठरवला, पियानो नाही. आईला सांगितलं तर म्हणाली, पन्हळीखाली तांब्याचं घंगाळ ठेव. भरत आलं की आवाज बदलतो, त्यावरून तिला रात्री अंथरुणातूनच किती पडला ते कळायचं. घंगाळ माळ्यावर आहे. काकूला काढून ठेवायला सांगितलंय.